स्पॅनिश मुद्रक आणि मराठी अक्षर

इ. स. १५५६ च्या सप्टेंबर महिन्याच्या सहाव्या तारखेस लिस्बनहून निघालेले एक जहाज गोव्यास येऊन लागले. त्यातून उतरलेल्या सामानात छापण्याचे एक यंत्र आणि खिळे होते. वास्तविक हे सामान हिंदुस्थानसाठी पाठविलेलेच नव्हते. ते जावयाचे होते आफ्रिकेतील ॲबिसिनियास. तेथील नियोजित धर्माध्यक्ष जुआंव नूनिश बार्रेतो ते घेऊन निघाले होते. परंतु रोमने नेमलेला धर्माध्यक्ष आपल्या राज्यात यावा अशी ॲबिसिनियाच्या राजाची इच्छा नव्हती. बार्रेतो गोव्यात थांबले आणि १५६२ साली तेथेच वारले. त्यांच्याबरोबर यंत्रही थांबले. हिंदुस्थानातील पहिला छापखाना अशा रीतीने एका अपुऱ्या राहिलेल्या प्रवासातून जन्मास आला.

हे यंत्र चालविण्यासाठी आलेला मनुष्य पोर्तुगीज नव्हता. हुआन दे बुस्तामांते हे त्याचे नाव. स्पेनमधील व्हालेन्सियाचा तो रहिवासी आणि येशूसंघाचा बंधू. त्याच्या हाताखाली काम करण्यासाठी एक हिंदी मनुष्यही त्याच जहाजातून परतला होता. पोर्तुगालमध्ये राहून त्याने छपाईची कला आत्मसात केली होती. त्या काळच्या पत्रांत त्याच्या सुस्वभावाची व कौशल्याची वाखाणणी आहे. हिंदुस्थानात मुद्रणकला युरोपीयांनी आणली हे खरे; परंतु ती ज्या दिवशी या किनाऱ्यावर उतरली, त्याच दिवशी ती येणारा एक हिंदी माणूसही तिच्याबरोबर उतरला होता, ही गोष्ट विसरता येत नाही.

गोव्यातील संत पॉल विद्यालयात यंत्र बसले. त्याच वर्षी तत्त्वज्ञानाच्या वादविवादासाठी काही प्रमेये छापली गेली, आणि १५५७ साली संत फ्रान्सिस झेवियर यांची ख्रिस्ती धर्मतत्त्वांची पुस्तिका निघाली. झेवियरही जन्माने स्पेनच्या उत्तरेकडील नव्हारे प्रांताचे. पुस्तिका निघाली तेव्हा त्यांना जाऊन पाच वर्षे झाली होती. १५६३ साली गोव्यातच गार्सिया द ओर्ता या वैद्याचा हिंदुस्थानातील वनस्पती व औषधे यांवरील संवादरूप ग्रंथ प्रसिद्ध झाला. अहमदनगरच्या बुऱ्हाण निजामशहाच्या दरबारात वावरलेला हा वैद्य येथील हकीम आणि वैद्य यांच्याकडून मोकळ्या मनाने शिकला होता. त्याच्या ग्रंथाचा लॅटिन संक्षेप चार वर्षांत युरोपात निघाला आणि आंबा, हिंग, दालचिनी यांचे ज्ञान तिकडच्या विद्यापीठांत पोहोचले.

परंतु याच ओर्ताची कहाणी दुसरी बाजूही दाखविते. त्याचे आईबाप स्पेनमधून १४९२ साली हद्दपार झालेल्या ज्यू कुळांतील होते. १५६० साली गोव्यात धर्मन्यायासन स्थापन झाले. ओर्ताच्या मृत्यूनंतर १५६९ साली त्याची बहीण कातारीना हिला जिवंत जाळण्यात आले, आणि १५८० साली खुद्द ओर्ताची हाडे उकरून काढून त्यांचीही होळी झाली. ज्या शहराने त्याचा ग्रंथ छापला, त्याच शहराने त्याची हाडे जाळली. नव्या भूमीत जाणाऱ्या धर्मप्रसारकांनी संस्कृतीचा प्रसार केला की संहार केला, असा प्रश्न पुष्कळदा विचारला जातो. इतिहासात ही दोन्ही कामे शेजारी शेजारी, कित्येकदा एकाच हाताने झालेली दिसतात.

स्पेनच्या अमेरिकेतील वसाहतीकडे पाहिले म्हणजे हे अधिक स्पष्ट होते. मेक्सिको शहरात १५३९ साली छापखाना निघाला आणि त्यातून निघालेल्या पहिल्या पुस्तकातच स्पॅनिशबरोबर तेथील नाउआत्ल भाषेस स्थान मिळाले. फ्रान्सिस्कन साधू आलोन्सो दे मोलिना यांनी १५५५ साली त्या भाषेचा शब्दकोश छापला. बेर्नार्दिनो दे साआगुन यांनी तद्देशीय विद्यार्थ्यांना हाताशी धरून आझ्टेक लोकांचे देव, पंचांग, औषधी, व्यापार यांची माहिती त्यांच्याच भाषेत बारा भागांत लिहून ठेविली. उलट, युकातान प्रांतात दिएगो दे लांदा या दुसऱ्या फ्रान्सिस्कनाने १५६२ साली माया लोकांच्या चित्रलिपीतील पोथ्या अग्नीच्या स्वाधीन केल्या. आज जगात माया पोथ्या अवघ्या चार उरल्या आहेत. विधिघटना अशी, की याच लांदाने आपल्या वृत्तांतात माया अक्षरांची जी एक यादी टिपून ठेविली होती, तिच्याच आधारे १९५२ साली युरी क्नोरोझोव्ह या रशियन पंडिताने त्या लिपीचे कोडे सोडविण्यास आरंभ केला.

फिलिपाइन्समधील उदाहरण मराठी वाचकांस आणखी जवळचे वाटेल. १५९१ साली मुहंमद कुली कुतुबशहाने मुसी नदीच्या काठी हैदराबाद वसविले. त्यानंतर दोनच वर्षांनी मनिला शहरात स्पॅनिश पाद्र्यांनी ख्रिस्ती धर्मतत्त्वांचे एक पुस्तक काढले. त्यात तागालोग भाषेतील मजकूर रोमन लिपीत होताच, परंतु तेथील बायबायिन या मूळ लिपीतही होता. त्यासाठी सुटे खिळे पाडण्याच्या खटपटीत ते पडले नाहीत. लाकडी ठोकळ्यांवर पाने कोरून त्यांनी काम भागविले. देशी लिपी छापावयाचीच असे ठरले, तर मार्ग निघू शकत होता.

हिंदुस्थानातही तो निघाला होता, आणि तोही एका स्पॅनिश माणसाच्या हातून. जुआंव गोन्साल्व्हिश हे पोर्तुगीज नाव धारण करणारा येशूसंघाचा हा बंधू मूळचा स्पेनचा. कसबी लोहार आणि घड्याळजी म्हणून त्याची ख्याती होती. १५७७ साली त्याने गोव्यात तमिळ अक्षरांचे खिळे तयार केले. पुढल्या वर्षी कोल्लम येथे आणखी खिळे पाडण्यात आले आणि १५७८ च्या ऑक्टोबरमध्ये एंरीक एंरीकिश यांची सोळा पानांची ‘तंबिरान वणक्कम’ ही पुस्तिका निघाली. हिंदुस्थानी लिपीत हिंदुस्थानात छापलेले हे पहिले ज्ञात पुस्तक होय.

मग गोव्याच्या परिसरातील भाषेस हे भाग्य का लाभले नाही? या प्रश्नाचे उत्तर एका पत्रात सापडते. १५७९ च्या ऑक्टोबरात गोव्यास आलेले फादर टॉमस स्टीफन्स हे इंग्रज येशूसंघीय साष्टी प्रांतात राहून मराठी आणि कोंकणी या दोन्ही भाषांत पारंगत झाले. त्यांच्या आगमनानंतर वर्षभरातच पोर्तुगालचे सिंहासन स्पेनच्या राजाकडे गेले आणि १६४० पर्यंत गोव्याचा धनी माद्रिदचा राजा होता. या काळात, १६०८ च्या डिसेंबर महिन्यात, स्टीफन्स यांनी रोममधील आपल्या संघप्रमुखांस लिहिले, की मलबारात जशी तद्देशीय अक्षरांत पुस्तके छापली जातात तशी या प्रांतातही छापली जावीत, अशी आपली पुष्कळ वर्षांची इच्छा आहे. दोन अडचणी त्यांनी सांगितल्या. येथील लिपी युरोपातल्यासारखी चोवीस वर्णांची नाही. तिच्यात प्रत्येक चिन्ह एक पूर्ण अक्षर असते, त्यामुळे सुमारे सहाशे ठसे पाडावे लागतील, ही एक. आणि वरिष्ठांच्या आज्ञेवाचून हे कार्य तडीस जाणार नाही, ही दुसरी.

पहिली अडचण काल्पनिक नव्हती. तमिळ लिपीत व्यंजने थोडी आणि जोडाक्षरांचा पसारा नाही. देवनागरीत मात्र काना, मात्रा, वेलांटी, उकार यांची जोडणी आणि त्यावर द्ध, ह्म, क्ष्म, त्त्व अशा जोडाक्षरांची रास. जुळाऱ्याने एकेक खिळा उचलून ओळ जुळवावयाची, तर त्याच्यापुढे केवढा खण मांडावा लागेल, याची कल्पना करता येते. हैदराबादकरांना तर ही अडचण समजावून सांगण्याचीही गरज नाही. उर्दूच्या नस्तालीक लिपीत अक्षरे एकमेकांच्या खांद्यावर झुकत जातात. त्यामुळे या शहरातील उर्दू वृत्तपत्रे विसाव्या शतकाच्या अखेरच्या दशकांपर्यंत कातिबांच्या बोरूने लिहिली जात होती. १९८१ साली नस्तालीकची जी पहिली यशस्वी यांत्रिक अक्षरयोजना सिद्ध झाली, तिच्यासाठी सुमारे वीस हजार जोडआकृती लिहून घ्याव्या लागल्या. त्या मानाने सहाशे हा आकडा लहानच म्हणावा लागेल.

दुसरी अडचण मात्र कारागिरीची नव्हती. ती इच्छाशक्तीची होती. तमिळचे खिळे पूर्वी गोव्यातच पाडले गेले होते आणि लाकडावर कोरण्याचा मार्गही अज्ञात नव्हता. आज्ञा आली नाही, एवढेच. १६१६ साली राशोल येथे स्टीफन्स यांचे सुमारे अकरा हजार ओव्यांचे ‘क्रिस्तपुराण’ छापले गेले ते रोमन लिपीत. ज्ञानेश्वर-एकनाथांच्या ओवीचा छंद, पुराणाची मांडणी, मराठी भाषेविषयीचा उत्कट अभिमान, हे सारे त्यात होते. परंतु पोर्तुगीज वळणाने लिहिलेली ती अक्षरे ख्रिस्ती पाठशाळेबाहेरच्या मराठी माणसास वाचता येणे शक्य नव्हते. एकनाथांना जाऊन तेव्हा अवघी सतरा वर्षे झाली होती आणि तुकोबा बालवयात होते. त्यांच्याच काळात, त्यांच्याच छंदात, त्यांच्याच भाषेत रचलेले हे महाकाव्य देहू-पैठणच्या वाचकांपर्यंत पोहोचलेच नाही.

यातून दुहेरी हानी झाली. मराठी साहित्य एका थोर ग्रंथास तीनशे वर्षे मुकले; आणि ख्रिस्ती समाजाचा आपल्या शेजाऱ्यांच्या पोथ्यांशी असलेला संबंध तुटत गेला. १६४९ आणि १६५४ साली क्रिस्तपुराणाच्या आणखी आवृत्त्या निघाल्या. नंतर वारे फिरले. १६८४ साली पोर्तुगीज व्हाइसरॉयने हुकूम काढला, की लोकांनी तीन वर्षांच्या आत देशभाषा सोडून पोर्तुगीज बोलावे. पाद्र्यांनी देशभाषा शिकण्याची गरजच जेथे संपली, तेथे देशी खिळे कोण पाडणार? क्रिस्तपुराण भाविकांनी हाताने नकलून जतन केले. १९०७ साली मंगळूर येथे ते पुन्हा रोमन लिपीत छापले गेले आणि देवनागरी वेषात ते महाराष्ट्रापुढे आले ते १९५६ साली, पुण्यात शांताराम बंडेलू यांच्या प्रयत्नाने. गोव्यात यंत्र उतरल्याला तेव्हा बरोबर चारशे वर्षे झाली होती.

दख्खनच्या पठाराचाही या इतिहासात एक धागा आहे. गोव्यात ज्यांना मान मिळाला नाही असे दिवाडीचे माथेउस द कास्त्रो रोमला गेले, तेथे धर्मगुरू झाले आणि १६३७ साली त्यांना बिशपपद देऊन आदिलशाही मुलखासाठी नेमण्यात आले. १६६९ साली विजापूर आणि गोवळकोंडा या दोन्ही राज्यांसाठी कुस्तोदियो द पिन्यो या दुसऱ्या गोमंतकीयाची नेमणूक झाली. या नेमणुका रोममधील ज्या धर्मप्रसार मंडळाने केल्या, त्याने १६५९ साली आपल्या धर्मप्रसारकांस एक विलक्षण आदेश दिला होता: लोकांच्या चालीरीती धर्माच्या व नीतीच्या उघड विरुद्ध नसतील, तर त्या बदलण्यास सांगू नका, फ्रान्स, स्पेन किंवा इटली उचलून चीनमध्ये नेण्याइतका दुसरा वेडेपणा नाही. याच मंडळाच्या छापखान्याने पुढे देवनागरीचे सुटे खिळे पाडून १७७१ साली तिच्या वर्णमालेची पुस्तिका काढली, आणि १७७८ साली निजामशाही व आदिलशाही मुलखांत रूढ असलेल्या मराठीचे व्याकरण प्रसिद्ध केले. स्टीफन्स यांनी मागितलेली गोष्ट रोमने दिली. परंतु तोवर एकशे साठ वर्षे लोटली होती.

स्वदेशात हे कार्य त्यानंतर झाले. १८०५ साली श्रीरामपूर येथे विल्यम केरी यांचे मराठी व्याकरण देवनागरी खिळ्यांनी छापले गेले. त्याच वर्षी मिरजेस तांब्याच्या पत्र्यावर कोरलेली भगवद्गीता निघाली. पुढे मुंबईत गणपत कृष्णाजी आणि जावजी दादाजी यांनी असे सुबक देवनागरी खिळे पाडले, की सहाशे ठशांचे भय कोणाच्या स्मरणातही राहिले नाही.

रोमन लिपीने काहीच दिले नाही, असे म्हणणे अन्यायाचे होईल. मेक्सिकोतील नाउआत्ल लोकांनी परकी अक्षरे आपलीशी करून दोनशेहून अधिक वर्षे आपली मृत्युपत्रे आणि गावचे दप्तर आपल्या भाषेत लिहिले. गोमंतकीय ख्रिस्ती समाजानेही तेच केले. कोंकणीतले पहिले नियतकालिक ‘उदेंतेचें साळक’ १८८९ साली पुण्याहून निघाले ते रोमन लिपीत, आणि त्याच लिपीत तियात्राची नाटके लिहिली गेली. १९८७ साली गोव्याच्या राजभाषा कायद्याने देवनागरीतील कोंकणीस राजभाषेचे स्थान दिले आणि मराठीच्या वापरासही मुभा ठेविली. रोमन लिपीतील कोंकणीस मान्यता मिळावी ही मागणी मात्र आजही होत असते. दोन लिप्यांच्या या वादाचे एक मूळ १६०८ च्या त्या पत्राला न मिळालेल्या आज्ञेपर्यंत जाते.

परदेशातून आलेली विद्या रुजते ती येथील माणसांच्या सवयीशी जुळवून घेते तेव्हा. बुस्तामांतेने यंत्र आणले, गोन्साल्व्हिशने त्यास तमिळ अक्षर शिकविले, स्टीफन्स यांनी त्याच्याकडून मराठी अक्षराची अपेक्षा केली. या तिघांच्या धर्मनिष्ठेत उणेअधिक नव्हते. उणीव राहिली ती वरिष्ठांच्या विचारात. नव्या भूमीस काय द्यावयाचे हे त्यांना ठाऊक होते. ती भूमी ते कोणत्या अक्षरांत वाचील, हे विचारण्याची निकड त्यांना वाटली नाही. शाळा काढणाऱ्याने, ग्रंथ छापणाऱ्याने आणि राज्य चालविणाऱ्यानेही हा प्रश्न प्रथम विचारावा, एवढा बोध या इतिहासातून घेण्यासारखा आहे.