खोली कोणी उभी केली?



चित्रपटाच्या जाहिरातीत नट ठळक अक्षरांत असतो, दिग्दर्शक त्याच्या खाली आणि नेपथ्यकार अगदी तळाशी. आज मी तळाच्या दोन नावांविषयी बोलणार आहे : रॉबर्ट शार्फेनबर्ग आणि कार्ल हाकर.

1927 साली 'उफा' या जर्मनीतील बलाढ्य कंपनीने 'मेट्रोपोलिस' दाखवला. पन्नास लाख मार्कांहून अधिक खर्च. त्यात प्रचंड यंत्रे आहेत, जमिनीखाली कामगारांची वस्तीही आहे. नेपथ्य भव्य, यात शंका नाही. पण त्या वस्तीत कोणाची चूल पेटलेली मला तरी दिसली नाही. अखेरीस मालक आणि मुकादम हस्तांदोलन करतात. इतक्या स्वस्तात झालेली तडजोड मी आयुष्यात पाहिलेली नाही!

'प्रोमेथेउस' ही बर्लिनमधली डाव्या चळवळीतली लहान कंपनी. तिच्यापाशी असा पैसा कुठला? 1929 च्या डिसेंबरात तिने पील युत्झी याचा 'क्राउझे आईची सुखाकडे यात्रा' हा मूकपट पडद्यावर आणला. नेपथ्य या दोघांचे. वेडिंग या कामगारवस्तीतले एक बिऱ्हाड. म्हातारी वर्तमानपत्रे विकते. तिचा मुलगा, मुलगी, भाड्याला हातभार म्हणून ठेवलेला पोटभाडेकरू, त्याची बाई आणि तिचे मूल, सारी त्याच बिऱ्हाडात. इथे नेपथ्यकाराचे काम भिंती रंगवण्याचे नव्हे. खाट, टेबल आणि शेगडी यांच्यामध्ये माणसाला वळायला किती जागा ठेवायची, हे त्याने ठरवायचे. माणसे एकमेकांना घासून जातात; मग भांडण का पेटले हे वेगळे सांगावे लागत नाही. शेवटी म्हातारी गॅसची तोटी उघडते आणि त्या मुलासह मरते.

पुढचा 'कूले वाम्पे' हा बोलपट. दिग्दर्शक स्लातान दुडोव्ह. लेखनात ब्रेख्त, म्हणून त्याचेच नाव सर्वत्र. नेपथ्य पुन्हा याच जोडीचे. चित्र पुरे होण्याआधीच 'प्रोमेथेउस' बुडाली. 'प्रेझेन्स' या स्विस कंपनीच्या मदतीने ते पार पडले. बेकार मुलगा सायकलवरून दिवसभर काम शोधतो, घरी येऊन बोलणी खातो, मनगटावरचे घड्याळ काढून ठेवतो आणि खिडकीतून उडी टाकतो. घड्याळ कागदावर लिहिता येते. ते ठेवायला खिडकी कोणीतरी द्यावी लागते. 1932 च्या मार्चमध्ये परीक्षण मंडळाने चित्रावर बंदी घातली. मे महिन्यात काटछाट करून ते बर्लिनमध्ये लागले आणि पुढच्याच वर्षी नाझींनी पुन्हा बंद केले.

भाडे थकले म्हणून त्या कुटुंबाला खोली सोडावी लागते. भाडे थकल्यावर काय होते, हे मला पुस्तकातून शिकावे लागले नाही. सरोवराकाठच्या तंबूत ते राहू लागते. तिथे बाप वर्तमानपत्रातली माता हारी या हेर नर्तकीची रसभरित कहाणी अडखळत, मोठ्याने वाचतो. शेजारी आई खर्चाचा हिशेब लिहिते. आणि मधूनमधून पडदाभर दिसतात ते खाण्याचे जिन्नस, किमतीच्या चिठ्ठ्यांसह.