चौकशीचें बोलावणें

रेणापूरसारख्या गांवीं पोलीस शिपाई एखाद्याच्या दाराशीं येऊन "ठाण्यावर बोलावलें आहे" असें सांगतो, तेव्हां घरांतील माणसांच्या मनांत प्रथम भीति उत्पन्न होते. बोलावणें कशाकरितां, हा प्रश्न मागाहून सुचतो. ही भीति आजकालची नव्हे. बोलावण्याचा अधिकार आणि छळाची तक्रार यांचा इतिहास जोडीनेंच चालत आलेला आहे.

१९४८ च्या सप्टेंबरपर्यंत रेणापूर हें निजामाच्या हैदराबाद राज्यांत मोडत असे. तेथें पोलीस खात्यास कोतवाली म्हणत. जिल्ह्यावर मोहतमीम, त्याच्या हाताखालीं अमीन आणि गांवांत वतनदार पोलीस पाटील, अशी उतरंड असे. कारभाराची भाषा उर्दू आणि प्रजेची मराठी. त्यामुळें आपली जबानी कोणत्या शब्दांत उतरली, हें ती देणाऱ्या पुष्कळांस वाचतांहि येत नसे.

इंग्रजी मुलखांतील स्थिति सर्वस्वीं निराळी होती असें नाहीं. महसूल वसुलींत व पोलीस चौकशींत रयतेचा छळ होतो, हें मद्रास इलाख्यांतील चौकशी मंडळानें १८५५ सालीं मान्य केलें. पुढें १८७२ च्या पुराव्याच्या कायद्यानें, पोलीस अधिकाऱ्यापुढें दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध शाबीत करतां येणार नाहीं, असें ठरविलें. आपल्याच पोलिसांविषयीं सरकारच्या मनांत केवढा अविश्वास होता, हें यावरून दिसतें. १८९८ च्या फौजदारी कार्यपद्धतीच्या १६० व्या कलमानें साक्षीदारास बोलावण्याचा अधिकार दिला, पण त्यास मर्यादाहि घातली: हुकूम लेखी असावा, आणि बोलावलेला मनुष्य त्याच ठाण्याच्या वा लगतच्या ठाण्याच्या हद्दींतील असावा.

कांहीं जमातींना मात्र गुन्ह्यावांचूनहि हजर व्हावें लागे. १८७१ चा गुन्हेगार जमातींचा कायदा १९११ सालीं सर्व ब्रिटिश हिंदुस्थानास लागू झाला. त्यामुळें जन्म हाच संशयास पुरेसा आधार ठरला. कोल्हापुरांत राजर्षि शाहू महाराजांनीं १९१८ सालीं महार, मांग, रामोशी, बेरड या जातींची हजेरी बंद केली. तो कायदा देशांतून जाण्यास १९५२ साल उजाडावें लागलें.

हैदराबाद राज्यास १९५१ च्या एप्रिलपासून भारतीय फौजदारी कार्यपद्धति लागू झाली. पण कायदा आला म्हणून ठाणें बदलतेंच असें नाहीं. १९७२ च्या मार्चमध्यें, तेव्हांच्या चंद्रपूर जिल्ह्यांतील देसाईगंजच्या ठाण्यांत जबानीसाठीं आलेल्या एका आदिवासी मुलीवर दोन पोलिसांनीं अत्याचार केल्याचा खटला झाला. उच्च न्यायालयानें त्यांना दोषी ठरविलें, तर १९७८ सालीं सर्वोच्च न्यायालयानें निर्दोष सोडलें. पुढील वर्षीं वसुधा धागमवार, रघुनाथ केळकर, उपेंद्र बक्षी व लतिका सरकार या चार विधिज्ञांनीं सरन्यायाधीशांस खुलें पत्र लिहिलें. त्यांतून उठलेल्या चळवळीमुळें १९८३ सालीं बलात्काराचा कायदा सुधारण्यांत आला.

त्याच १९७८ सालीं नंदिनी सत्पथी यांच्या प्रकरणीं न्यायमूर्ति कृष्ण अय्यर यांनीं महत्त्वाचा निवाडा दिला. ओरिसाच्या या माजी मुख्यमंत्र्यांना चौकशीस ठाण्यावर बोलावण्यांत आलें होतें. स्त्रीस असें बोलावणें १९७३ च्या संहितेस सोडून आहे, आणि स्वतःस गोवणाऱ्या प्रश्नाचें उत्तर न देण्याचा हक्क पोलीस चौकशींतहि आहे, असें न्यायालयानें सांगितलें. मुख्यमंत्रिपद भूषविलेल्या व्यक्तीसहि ज्या हक्कासाठीं सर्वोच्च न्यायालयापर्यंत जावें लागलें, तो शेतमजुराच्या हातीं कितपत पडत असेल, याचा विचार ज्यानें त्यानें करावा.

१ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या १७९ व्या कलमांत हेंच तत्त्व आहे. स्त्रिया, पंधरा वर्षांखालील मुलगे, साठ वर्षांवरील पुरुष, अपंग व गंभीर आजारी माणसें यांना राहत्या ठिकाणाबाहेर येण्याची सक्ति करतां येत नाहीं. चौकशींत लिहून घेतलेल्या जबानीवर ती देणाऱ्याची सहीहि घ्यावयाची नसते.

साक्षीदार पुढें न आले तर गुन्ह्याचा छडा लागणार नाहीं. म्हणून कायदेशीर हुकूम टाळणें हाहि अपराध आहे. परंतु तो हुकूम लेखी असेल, तरच बोलावणें कोणाचें, कोणत्या प्रकरणीं व केव्हांचें, हें पुढें दाखवितां येतें. तोंडी निरोपावर दिवसभर बसवून ठेवलेल्या माणसाजवळ तक्रारीस आधारच उरत नाहीं. कायद्यानें कागद मागितला आहे तो एवढ्याचकरितां.