मूकपटातलं कुत्रं
सिनेमाला ‘डॉक्युमेंटरी’ हा शब्द चिकटला १९२६ मध्ये, जॉन ग्रिअर्सनच्या एका परीक्षणातून. त्याच्या आदल्याच वर्षी कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी (हो, स्वतःचा कॅमेरा स्वतः बनवणारे तेच) ‘सावकारी पाश’ काढला होता. कथा नारायण हरी आपट्यांची. सावकार जमीन गिळतो आणि शेतकरी शहरात जाऊन गिरणी कामगार होतो. शेतकरी झाला होता तरुण व्ही. शांताराम. देवादिकांच्या चित्रपटांना गर्दी करणारे प्रेक्षक इथे फारसे फिरकले नाहीत. जे घरातच चाललंय, ते तिकीट काढून कोण बघणार?

तुम्ही म्हणाल, ही तर रचलेली गोष्ट. खरंय. पण डॉक्युमेंटरीचा आद्य नमुना म्हणून मिरवणारा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ (१९२२) घ्या. उजेडासाठी अर्धा उघडा इग्लू बांधला, बंदूक वापरणाऱ्या शिकाऱ्यांच्या हातात भाले दिले! त्यापेक्षा मला पेंटर प्रामाणिक वाटतात. त्यांनी गोष्ट ‘गोष्ट’ म्हणूनच दाखवली, फक्त तिच्यातली गरिबी सजवली नाही.

जे. बी. एच. वाडियांच्या लक्षात राहिली ती एक उदास, अंधारी झोपडी आणि रडणारं कुत्रं. मूकपटात! १९३६ साली पेंटरांनी याच कथेवर बोलपटही केला. १९२५ च्या चित्रपटाची प्रत मात्र उरलेली नाही. कोल्हापूरच्या कॅमेऱ्याला शंभर वर्षांपूर्वीचं खेडं कसं दिसलं, हे आता अशा आठवणींवरूनच ताडायचं.