‘महार’, ‘मांग’ या शब्दांना कात्री का लागली?

११ एप्रिल २०२५. महात्मा जोतीराव फुले यांची जयंती. त्याच दिवशी ‘फुले’ हा हिंदी चित्रपट येणार होता. काही ब्राह्मण संघटनांनी आक्षेप घेतला आणि तो २५ एप्रिलला लागला. सेन्सॉर बोर्डाने ‘महार’, ‘मांग’, ‘पेशवाई’ हे शब्द आणि मनूच्या जातिव्यवस्थेचा उल्लेख काढायला सांगितल्याच्या बातम्या त्या दिवसांत आल्या. ‘तीन हजार वर्षांची गुलामी’सुद्धा म्हणे खटकली.

यावर आपल्या रत्नागिरीतल्या एका तरुणाने मला विचारले, “दादा, जातीचे नाव काढले तर बिघडले कुठे? आपण तर आता बौद्ध आहोत.” प्रश्न प्रामाणिक आहे. म्हणून उत्तर इतिहासात शोधू.

जोतीरावांनी अस्पृश्यांच्या शाळांसाठी काढलेल्या संस्थेच्या नावातच महार आणि मांग होते. त्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवे या मुलीचा निबंध १८५५ साली ‘ज्ञानोदय’मध्ये छापून आला. विषय होता मांग-महारांचे दुःख. तिने पेशवाईतला जुलूमही नाव घेऊन सांगितला. आज तिला पडद्यावर आणले, तर तिच्या निबंधाचा विषय तरी उच्चारता येईल का?

हा वारसा आपल्या जिल्ह्यातही आला. फुल्यांच्या विचारांचे गोपाळबाबा वलंगकर लष्करातून निवृत्त होऊन दापोलीत राहिले. १८८८ साली त्यांनी ‘विटाळ विध्वंसन’ लिहून धर्माच्या ठेकेदारांना थेट प्रश्न विचारले. विटाळ कोणी लादला आणि कोणावर लादला, हे सांगितल्याशिवाय तो प्रश्न विचारताच येत नाही.

हिंदी सिनेमाला आपले दुःख चालते, आपला प्रश्न चालत नाही. ‘अछूत कन्या’ (१९३६) मधली कस्तुरी रेल्वेखाली मरते. ‘सुजाता’ (१९५९) रक्त देते, तेव्हा कुठे घरची होते. ‘सैराट’चा हिंदी ‘धडक’ (२०१८) झाला आणि जातीची धारच बोथट झाली. अलीकडे वारे बदलले आहे. नागराज मंजुळे यांच्या ‘झुंड’मध्ये (२०२२) भीमजयंती आली. ‘धडक २’ आणि नीरज घायवान यांचा ‘होमबाऊंड’ (दोन्ही २०२५) जातीवर उघड बोलतात. आपली माणसे कॅमेऱ्यामागे गेली, त्याचाही हा परिणाम आहे. पण ‘धडक २’लाही सेन्सॉरने बदल करायला लावलेच.

तर मित्रा, शिवी म्हणून जातीचे नाव घेणे हा गुन्हाच आहे. पण इतिहास सांगताना तेच नाव गाळले, तर अन्याय सोसणारा नाहीसा होतो आणि करणारा निर्दोष सुटतो. १९५६ साली आपण धर्म बदलला तो अन्याय विसरण्यासाठी नव्हे, त्यातून बाहेर पडण्यासाठी.

‘अछूत कन्या’ आला त्याच १९३६ साली लाहोरच्या जातपात तोडक मंडळाला बाबासाहेबांच्या भाषणातला काही मजकूर नको होता. बाबासाहेबांनी एक स्वल्पविरामही बदलायला नकार दिला. अधिवेशन रद्द झाले, पण भाषण त्यांनी स्वखर्चाने छापले. ते आजही आपण वाचतो.

निर्मात्यांना हे जमेल तेव्हा जमेल. येत्या भीमजयंतीला आपल्या वाडीत पडदा लावून ‘फुले’ जरूर दाखवा. मात्र त्याआधी एखाद्या मुलीला मुक्ता साळवेचा निबंध मोठ्याने वाचायला सांगा, एकही शब्द न गाळता.

जय भीम! जय जोती! जय सावित्री!