डुकरीण धडधाकट, तरी पिल्लं का मरत होती?

माजलगावसारख्या तालुक्यात वराहपालनाचा इतिहास शोधायला निघालात, तर पहिली अडचण कागदांचीच येते. १९४८ पर्यंत हा भाग निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता आणि सरकारी भाषा उर्दू. देशातली पशुगणना १९१९ च्या सुमारास सुरू झाली. तिच्यात डुकरं मोजली जातात, पण एका वेतातली किती पिल्लं आईचं दूध सुटेपर्यंत जगली, हे त्यात सापडत नाही. डुकरं पाळणाऱ्या वडार-कैकाडी कुटुंबांसाठी मात्र खरा आकडा तोच. विकायला काय उरणार, ते त्याच्यावर ठरतं.

मग या आकड्यामागची कारणं कशी वाचायची? सोपं उत्तर म्हणजे ‘आई अशक्त, म्हणून पिल्लं अशक्त’. ते बरंचसं खरं आहे. डुकरीण साधारण ११४ दिवस गाभण असते. त्या काळात तिची आबाळ झाली तर पिल्लं हलकी जन्मतात, दूधही कमी येतं. शिवाय गर्भात असताना पिल्लांना आईकडून रोगाशी लढणारी प्रतिपिंडं मिळत नाहीत. ती येतात चिकातून, आणि पहिल्या चोवीस तासांतच आतड्यातून रक्तात शिरू शकतात. आई तापली, कास सुजली, की तो दिवस हातचा गेलाच.

पण १९२० च्या दशकात स्कॉटलंडमध्ये मॅकगोवन आणि क्रायटन यांच्यासमोर वेगळंच कोडं होतं. बंदिस्त जागेत वाढणारी पिल्लं तीन-चार आठवड्यांत पांढरीफटक पडून, धापा टाकत मरायची. कारण निघालं लोहाची कमतरता. त्यांनी डुकरिणीला भरपूर लोह चारलं आणि पिल्लं वाचली. आता कुणालाही वाटेल, लोह दुधातून उतरलं असणार! पुढच्या अभ्यासांत दिसलं की लोह चारूनही दुधातलं लोह फारसं वाढत नाही. पिल्लाला रोज सुमारे ७ मिलिग्रॅम लोह लागतं, दुधातून मिळतं जेमतेम १. बाकीचं ती आईच्या खाद्यात आणि विष्ठेत तोंड घालून मिळवत होती. उपाय बरोबर होता, वाट भलतीच होती. (प्रबंधात असं किती वेळा होत असेल, कोण जाणे.)

गावाकडं मोकळी फिरणारी पिल्लं माती उकरतात, त्यातून त्यांना लोह मिळतं. तीच पिल्लं सिमेंटच्या फरशीवर आली की धडधाकट आईचीही पांढरी पडतात. म्हणून तर बंदिस्त पालनात पहिल्या काही दिवसांतच लोहाचं इंजेक्शन देतात.

तेव्हा माजलगावच्या एखाद्या वस्तीवर जुन्या माणसांशी बोलायला बसलात, तर ‘डुकरीण कशी होती?’ एवढ्यावर थांबू नका. शेवटच्या महिन्यात ती काय खायची, कुठं व्यायची, पिल्लं कितव्या दिवशी बाहेर पडायची, दूध कधी तोडायचे, हे विचारा. आणि खाली माती होती की फरशी, तेही.