घोड्यांचा दाणा आणि कॉरिंथची मनुका

१७५५ च्या आपल्या इंग्रजी शब्दकोशात डॉ. सॅम्युएल जॉन्सन यांनी ‘ओट’चा अर्थ देताना स्कॉटलंडला चिमटा काढला : इंग्लंडात जे घोड्यांपुढे टाकतात, त्यावर तिकडे माणसे जगतात. टोमणा बोचरा, पण वस्तुस्थिती खरी. त्या थंड, ओल्या, आखूड उन्हाळ्यात गहू नीट पिकत नसे, ओट पिके. गरिबाने पिकले ते खाल्ले, यात हिणवण्यासारखे काय होते?

ओटमध्ये गव्हाचे ग्लूटेन नसते, त्यामुळे त्याचे पीठ फुगत नाही. (ज्वारीची भाकरी थापावी लागते, तीही याच कारणाने.) म्हणून तव्यावर भाजलेली चपटी भाकर हेच स्कोनचे मूळ रूप. गॅव्हिन डग्लस यांनी १५१३ मध्ये पूर्ण केलेल्या व्हर्जिलच्या ‘इनीड’च्या स्कॉट्स अनुवादात चक्क ट्रोजन वीरांच्या पंगतीत स्कोन वाढलेले आहेत!

फुगीर स्कोन मात्र एकोणिसाव्या शतकाचे अपत्य. १८४३ मध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्ड यांनी, पत्नीला यीस्ट सोसत नसल्याने, बेकिंग पावडर सिद्ध केली. ताक व सोडा यांच्या संयोगानेही तेच साधे. आता गव्हाच्या पिठात ओट मिसळून घरच्या घरी हलके स्कोन होऊ लागले.

त्यांत पडणाऱ्या बारीक काळ्या मनुकांचे ‘करंट’ हे नाव कॉरिंथ या ग्रीक नगरावरून आलेले. पेलोपोनीजचे शेतकरी याच एका पिकावर विसंबले होते. रोगाने उजाडलेले फ्रान्सचे द्राक्षमळे पुन्हा बहरताच तेथील मागणी आटली, भाव कोसळले. १८९३ च्या डिसेंबरात ग्रीस दिवाळखोर झाला आणि हजारो शेतकऱ्यांनी अमेरिकेची वाट धरली.