टाकून दिलेल्या चौकटीची वंशावळ

गोष्ट म्हटली तर एवढीच: प्रियकर युद्धावरून परतला आहे, जेवणं आटोपली आहेत आणि बाकीच्यांनी दोघांना जरा एकटं सोडलं आहे. काळ्या पडद्यावर तुटक इंग्रजी वाक्यं आणि मोजकी, दाणेदार कृष्णधवल चित्रं. एका चित्रात ती दोघं बसली आहेत, पण एकमेकांकडे बघत नाहीत. एखाद्या शब्दावर टिचकी मारली की पडदा दुभंगतो, पुन्हा मारली की त्या अर्ध्याचे आणखी तुकडे होतात. एका कप्प्यात लग्नाचं बोलणं निघतं. उद्याच? नको, पुढच्या महिन्यात करू, सुट्ट्या होऊन जातील, हवाही बरी असेल. दुसऱ्या कप्प्यात गेल्या उन्हाळ्यातलं एक प्रकरण अर्धवट कबूल होतं. कप्पे लहान होत जातात, बोलणं खुंटतं आणि शेवटी उरते नुसत्या काळ्या चौकोनांची जाळी.

ब्राउझरमध्ये उघडणारी ही कलाकृती रशियन कलावंत ओल्या ल्यालिनाने १९९६ साली केली. नाव ‘माय बॉयफ्रेंड केम बॅक फ्रॉम द वॉर’. युद्ध कोणतं हे त्यात कुठेच येत नाही. रशियात मात्र त्या वर्षीच्या ऑगस्टपर्यंत चेचेन्यातलं पहिलं युद्ध चालू होतं. इंटरनेट हेच माध्यम मानणाऱ्या कलेच्या इतिहासात या कामाचं नाव पहिल्या काहींत घेतलं जातं. ते ज्या चौकटींवर उभं आहे, त्यांची कुळकथा मात्र कलेच्या दालनात सुरू होत नाही.

ती सुरू होते नेटस्केप कंपनीच्या ब्राउझरपासून. नॅव्हिगेटरच्या २.० या आवृत्तीत ‘फ्रेम’ नावाची सोय आली. ‘फ्रेमसेट’ हा टॅग लिहायचा, पडद्याचे किती टक्के कोणत्या भागाला द्यायचे ते सांगायचं आणि प्रत्येक भागात वेगळी फाइल बसवायची. हेतू अगदी कारकुनी होता. डावीकडचा मेनू जागचा हलू नये आणि उजवीकडचा मजकूर तेवढा बदलावा. पण एका फ्रेममध्ये दुसरा फ्रेमसेट ठेवता येतो, त्यात तिसरा. मेनू लावणाऱ्यांना ही गंमत फारशी उपयोगाची नव्हती. ल्यालिनाने नेमकी तीच उचलली.

त्यामागे चौकटीचा दुसरा वंश आहे, सिनेमाचा. १९७१ साली मॉस्कोत जन्मलेली ल्यालिना तिथल्याच विद्यापीठात पत्रकारिता आणि चित्रपटसमीक्षा शिकली. ‘सिने फँटम’ या प्रायोगिक चित्रपटांच्या क्लबचं काम बघत होती. कुलेशोव्ह आणि आयझेनश्टाइन या दिग्दर्शकांच्या रशियात एका दृश्याला दुसरं जोडलं की तिसराच अर्थ निघतो, हे समीक्षकाला वेगळं शिकवावं लागत नाही. पण सिनेमात दुसरं दृश्य आलं की पहिलं जातं. इथे पहिलं शेजारीच बसून राहतं आणि पुढचं कधी आणायचं हे बघणाऱ्याच्या बोटावर असतं. माध्यमांचे अभ्यासक लेव्ह मानोविच यांनी २००१ मधल्या ‘द लँग्वेज ऑफ न्यू मीडिया’ या पुस्तकात अवकाशात मांडलेल्या संकलनाचं उदाहरण म्हणून हेच काम घेतलं.

आणखी एक घटक कोणत्याच टॅगमध्ये लिहिलेला नव्हता: वाट बघणं. २८.८ किलोबिटच्या मोडेमवर सेकंदाला साडेतीन किलोबाइट येत, तेही लाइन चांगली असली तर. पस्तीस किलोबाइटचं चित्र उतरायला दहा सेकंद जात. विचारलेल्या प्रश्नाला उत्तर येईपर्यंत तेवढा वेळ काळा कप्पा समोर. दोन माणसांमधला अवघडलेपणा त्या काळात टेलिफोनच्या तारेनेच पुरवला.

चौकटीचे दिवस लवकरच फिरले. डिसेंबर १९९६ मध्ये, म्हणजे त्याच वर्षी, वापरसुलभतेचे तज्ज्ञ याकोब नील्सन यांनी फ्रेमवर सणसणीत टीका केली. पानाची खूण ठेवता येत नाही, छापायला गेलं तर भलताच भाग छापला जातो, पत्ता एक आणि दिसतं दुसरंच. तक्रारी खऱ्या होत्या. डिझायनरांनी हळूहळू फ्रेम टाकून दिली आणि २०१४ साली एचटीएमएल ५ च्या प्रमाणात तिच्यावर कालबाह्यतेचा शिक्का बसला. दहा सेकंदांची वाट ब्रॉडबँडने त्याआधीच संपवली होती.

तरी वंश वाढत राहिला. इतर कलावंतांनी हीच गोष्ट आपापल्या साधनात नव्याने केली: फ्लॅशमध्ये, पॉवरपॉइंटच्या स्लाइडांत, ब्लॉगच्या नोंदींत, ‘कॅसल वोल्फेन्स्टाइन’ या गोळीबाराच्या खेळाच्या भिंतींमध्ये, कागदावर गुआश रंगांतही. ल्यालिनाने या सगळ्या आवृत्त्यांचं एक संग्रहालयच आपल्या साइटवर मांडलं. मूळ कामाला वीस वर्षं झाली तेव्हा, २०१६ मध्ये, बाझेल आणि आइंटहोवन इथे त्यांची प्रदर्शनंही झाली. गंमत अशी की यातली फ्लॅश आवृत्ती आज साध्या ब्राउझरमध्ये उघडत नाही. कालबाह्य ठरलेल्या फ्रेममधली मूळ गोष्ट मात्र चालते. जुनी पानं मोडू नयेत म्हणून ब्राउझर तो टॅग अजून सांभाळून घेतात.

ब्राउझरची यंत्रणाच गोष्टीत ओढायची ही खोड ल्यालिनाच्या पुढच्या कामातही दिसते. २०१३ च्या ‘समर’मध्ये ती स्वतः झोका घेते. झोका ब्राउझरच्या वरच्या, पत्ता दाखवणाऱ्या पट्टीला टांगल्यासारखा दिसतो. ही जिफसारखी हालचाल आहे, पण एका फाइलमध्ये नाही. प्रत्येक चित्र वेगळ्या साइटवर ठेवलेलं आहे, आणि ब्राउझर एका साइटवरून दुसरीकडे ढकलला जातो तसा झोका पुढे सरकतो. पट्टीतला पत्ता सतत बदलताना दिसतो. नेट मंद तर झोका मंद. एखादा सर्व्हर बंद पडला तर झोका तिथेच अडतो.

टाकून दिलेलं जपायची तिची ओढ इतरांच्या पानांपर्यंतही गेली. जिओसिटीज या साइटवर हौशी लोकांनी लाखो घरगुती पानं बनवली होती: चांदण्यांची पार्श्वभूमी, ‘काम चालू आहे’चे पिवळे फलक, फावडं मारणारा छोटा माणूस. याहूने १९९९ मध्ये ती अब्जावधी डॉलर मोजून घेतली आणि ऑक्टोबर २००९ मध्ये अमेरिकेतली सेवा बंद केली. ‘आर्काइव्ह टीम’च्या स्वयंसेवकांनी जमेल तेवढं उतरवून घेतलं, ते टेराबाइटभर भरलं. ल्यालिना आणि तिचा सहकारी ड्रागान एस्पेनशीड यांनी ती पानं त्या काळच्या ब्राउझरमध्ये उघडून २०१३ पासून त्यांची चित्रं एकामागून एक प्रसिद्ध करायला सुरुवात केली.

फ्रेमची कड, उतरत जाणारं चित्र, पत्त्याची पट्टी, ‘काम चालू आहे’चा फलक: या सगळ्यांतून यंत्रणेची शिवण दिसते. समोरचं पान कुणीतरी, कुठेतरी, कशाकशाने जोडलेलं आहे हे बघणाऱ्याला कळत राहतं. पुढच्या वीस वर्षांत धंद्याने नेमक्या या शिवणी झाकल्या. आज फोनवर बोट सरकवताना मजकूर कोणत्या सर्व्हरवरून येतो, तोच का येतो, कुणी लावून दिला, यातलं काही दिसत नाही. ते विचारायला जिथे थांबावं अशी जागाच उरलेली नाही. २०१२ च्या एका निबंधात ल्यालिनाने आग्रह धरला होता की माणसाने संगणक वापरताना आपण संगणक वापरतो आहोत हे विसरू नये. तिने चौकटी मांडल्या तेव्हा हे विसरणं शक्यच नव्हतं. आता ते लक्षात ठेवायला मेहनत पडते, आणि ती आपल्याला करावी लागू नये यासाठी मोठमोठ्या कंपन्या पगार देऊन माणसं ठेवतात.